गोदाच्या पुस्तकाचा पहिला फर्मा

नाशिकच्या प्रकाशकाने गोदा भोयेच्या कविता परत पाठवल्या. आशय चांगला आहे, भाषा तेवढी सुधारून द्या, असा निरोप होता. गोदाने तो मानाजीला वाचून दाखवला. मानाजी, तिचा नवरा, मद्रासजवळ इरुंगाट्टुकोट्टैला गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या कारखान्यातून नुकताच घरी आला होता. बूट काढता काढता तो म्हणाला, "मग इथंच छापू. मद्रासेत काय छापखाने नाहीत?"

गोदा सुरगाण्याकडच्या डोंगरातली, कोकणा आदिवासी. आश्रमशाळेत शिकली, नर्सिंग केलं आणि २००१ साली मद्रासच्या आवडी नावाच्या उपनगरातल्या एका इस्पितळात सिस्टर म्हणून लागली. दुपारी वॉर्ड शांत झाला की सगळ्या सिस्टर गॉजच्या घड्या घालत बसत. गोदाच्या कविता तिथेच जुळत. भोवती तमिळ आणि मल्याळी गप्पा चालू, हात घड्या घालताहेत आणि डोक्यात आपल्या कोकणा बोलीतली एखादी ओळ. चार वर्षांत बऱ्याच कविता झाल्या होत्या.

मराठी मंडळातल्या कुणीतरी मैलापूरच्या दत्तोपंतांचं नाव सुचवलं. त्यांचं घराणं पिढ्यान्‌पिढ्या तंजावरचं. छापखान्यात मुख्यतः लग्नपत्रिका निघत, पण देवनागरी अक्षरांची सोय होती. गोदा तिथे गेली तेव्हा दत्तोपंत पंख्याखाली बनियनवर बसले होते. तिला पाहून त्यांनी घाईने सदरा चढवला.

"बसा, अम्मा. कोठून येणें जालें?"

त्यांची मराठी तमिळच्या चालीवर वर-खाली व्हायची. गोदाला ती कळायला जरा वेळ लागला. तिने कागद पुढे केले. दत्तोपंतांची सवय अशी, की हातात आलेला मजकूर मोठ्याने वाचून पाहायचा. त्यांनी पहिलीच कविता उचलली.

"अठ डोंगर नीही. पोसी माला सांग, डोंगर दाखव." ते थांबले. "नीही म्हणजे?"

"नाही. इथं डोंगर नाही. मुलगी मला सांगते, डोंगर दाखव."

"मग नाही असें का लिहिलें नाही?"

"आमच्या घरी नीहीच म्हणतात. शाळेत गुरुजींनी फार प्रयत्न केला. गेलं नाही ते."

दत्तोपंत हसले. "सरि, सरि. राहूं दे. पुण्याची पोरें येतात, आमचें बोलणें ऐकतात आणि तोंड फिरवून हसतात. मी म्हणतों, हसा बापडे." मग त्यांनी पुढची कविता वाचायला घेतली. गोदाला आपल्याच ओळी कानाला परक्या वाटत होत्या, तरी ऐकत राहावंसं वाटत होतं.

छापखान्याच्या माडीवर देवेश नावाचा तरुण भाड्याने राहायचा. मूळचा पुण्याचा, नोकरी पेरुंगुडीत, संगणकाची. मुद्रितं तपासायला त्याने आपणहून हात दिला. अक्षरजुळणी करणाऱ्या अनंतकृष्णला मराठी येत नव्हतं. समोर दिसेल ते अक्षर तो तसंच्या तसं उतरवायचा. देवेशने ते वाचलं आणि जिथे जिथे चूक दिसली तिथे मन लावून दुरुस्त केलं. दत्तोपंत तेव्हा एका लग्नाला तंजावरला गेले होते. पहिला फर्मा, म्हणजे पहिली सोळा पानं, छापून झाला.

गोदा तो बघायला आली. ओल्या शाईचा वास सुटला होता. तिने वाचलं: 'इथे डोंगर नाही. मुलगी मला सांगते, डोंगर दाखव.'

ती पानं उलटत गेली. सोळाही पानांत तेच होतं. मग तिने फर्मा टेबलावर ठेवला आणि खुर्चीवर बसली. दत्तोपंत त्याच सकाळी परतले होते. त्यांनी तिच्या चेहऱ्याकडे पाहिलं, फर्मा उचलला, चार ओळी वाचल्या आणि जिन्यातून देवेशला हाक मारली.

"हे तुम्ही केलेंत?"

"हो. टायपिंगच्या चुका होत्या बऱ्याच," देवेश म्हणाला. गोदाला बघून तो गोंधळला. "ताई, काही चुकलं का?"

"चुका नव्हत्या त्या," गोदा म्हणाली. "माझ्या आईचे शब्द होते."

देवेशचा चेहरा उतरला. "मला खरंच माहीत नव्हतं. निदान विचारायला हवं होतं."

"हो, हवं होतं," ती म्हणाली. तिला राग आला होता आणि तो तिने लपवला नाही.

"हा फर्मा रद्द," दत्तोपंत म्हणाले. "पुन्हा छापूं."

रविवारी देवेश स्वतः जुळणीला बसला. शेजारी गोदा. प्रत्येक शब्दाला तो थांबे. "पोसी दीर्घच ना? आणि हे राब म्हणजे काय?" पेरणीआधी जमिनीवर पालापाचोळा जाळतात, त्या राखेत नागलीचं रोप जोमानं येतं, असं गोदा सांगे. सांगता सांगता ती धुराबद्दल बोलू लागे, मग पोरं त्यात खोकत कशी पळायची ते. दुपारी दत्तोपंतांच्या बायकोने, शैलाबाईंनी, सगळ्यांना सांबारभात वाढला. संध्याकाळी निघताना गोदाचा राग कुठे गेला होता, तिलाच कळलं नाही.

पुस्तक निघालं तेव्हा मानाजी गावी जाऊन सासूला घेऊन आला. सईबाईंचा एवढा लांबचा प्रवास पहिलाच. छापखान्यासमोरच्या ओसरीवर सतरंजी अंथरली होती. वॉर्डातल्या सिस्टर आल्या, मंडळातले काही लोक आले, अनंतकृष्ण आईला घेऊन आला. गोदाने कविता वाचल्या. तिची मुलगी ऊर्मी प्रत्येक कवितेनंतर दोन वाक्यांत तमिळमध्ये अर्थ सांगे, तिच्या मनाला येईल तसा. सिस्टर हसत, एक-दोघींनी डोळे पुसले.

सईबाई भिंतीला टेकून ऐकत होत्या. शेवटी दत्तोपंतांनी विचारलं, "कसें वाटलें, अम्मा?"

सईबाईंना त्यांचं बोलणं पुरतं कळलं नसावं, पण प्रश्न कळला. त्या गोदाकडे वळून म्हणाल्या, "यी त आपलीच बोली आहा. घरात बोलतो तशीच. यात तू काय केलंस?"

गोदा इतकी हसली की तिला ठसका लागला. तिला हेच ऐकायचं होतं, आणि हे तिला आत्ता कळत होतं.

मग सईबाईंनी पुस्तक हातात घेतलं, उलटसुलट करून पाहिलं, त्यावरून तळवा फिरवला आणि ते परत लेकीच्या मांडीवर ठेवलं.

"ती राबाची वाच परत," त्या म्हणाल्या.

गोदाने पान शोधलं. कॉफी घेऊन उठलेल्या सिस्टर पुन्हा सतरंजीवर बसल्या.