उत्तराचं रीळ

अमेरिकेत, नेपरव्हिलच्या लायब्ररीत दर बुधवारी दुपारी म्हाताऱ्यांसाठी काहीतरी दाखवत. बायको, उत्तरा, गेल्यापासून सुमंत घराबाहेर पडेना, म्हणून त्याच्या मित्राने, गिरीशने, त्याला ओढतच तिथे नेलं. "घरात बसून मुरांबा होशील यार," तो म्हणाला.

त्या दिवशी व्हिक्टोरिया राणीच्या काळातली, इंग्लंडातल्या घोड्यांच्या शर्यतींची हलती चित्रं होती. घोडे किड्यांसारखे तुरुतुरु पळाले. टोपीवाले बघे टुणटुण उडत होते. सगळे हसले. सुमंतला हसू येईना. घरच्या डीव्हीडीत उत्तराही अशीच पळायची. लग्नानंतर नागपुरात तिच्या भावाने चावीच्या जुन्या कॅमेऱ्याने तिचं बॅडमिंटन टिपलं होतं; तेच रीळ पुढे डीव्हीडीवर उतरवलेलं. हलती उत्तरा तेवढीच उरली होती, आणि तीही बाहुलीसारखी.

चित्रं दाखवणारा वॉल्टर म्हणाला, तेव्हा कॅमेरा हाताने फिरवत, सेकंदाला चित्रं कमी निघत, म्हणून आजच्या मशीनवर सगळं धावतं. त्याने तीच शर्यत हळू करून लावली. घोडे घोड्यांसारखे धावले. गर्दीतला एकजण माणसासारखा मान वळवून बघू लागला.

पुढच्या बुधवारी सुमंत डीव्हीडी घेऊन गेला. कार्यक्रम संपल्यावर वॉल्टरने ती कॉम्प्युटरवर लावली.

"वेग किती ठेवू?"

"घोड्यांचा कसा ठरवलात?" सुमंतने विचारलं.

"घोडा कसा पळतो ते सगळ्यांना माहीत असतं. या बाई कशा चालायच्या ते तुम्हीच सांगणार. बरोबर वाटलं की थांबवा."

"याला काय विचारता," गिरीश म्हणाला. "हा जन्मभर बायकोच्या चार पावलं पुढे चालला."

वॉल्टरने वेग कमी केला.

"अजून हळू," सुमंत म्हणाला. "अजून."

पडद्यावर उत्तराने एक पाऊल टाकलं. थांबल्यासारखी झाली. मग दुसरं टाकलं. आता ती ओळखीची वाटली. आजारपणात दंडाला धरून तो तिला बाथरूमपर्यंत न्यायचा, तेव्हा ती अशीच चालायची.

"हं. हीच."

"सर, ते शटल बघा," वॉल्टर हलकेच म्हणाला.

शटल जाळीच्या वर हवेत तरंगत होतं. खाली येतच नव्हतं.

सुमंतने ते पाहिलं. वेग वाढवायला हवा हे त्यालाही कळलं.

"किती वाढवू?" वॉल्टरने विचारलं.

आजारपणाआधी ती कशी चालायची, ते सुमंतने मागे वळून कधी पाहिलंच नव्हतं.