पाय टेकला

मित्रांनो, सापगावातल्या कुठल्याही पोराला विचारा, "अंगणवाडीच्या बाईंची गाडी कुठली?" तो माझ्याकडेच बोट दाखवील. ती निळी, जुनी स्कूटर मीच. माझा रंग उडाला आहे, एक आरसा गेला आहे आणि किक मारल्याशिवाय मला जाग येत नाही.

कारखान्यातून निघाले तेव्हा मी नुसती लखलखत होते. पहिल्या मालकाने मला चार वर्षं शहरात पिदडलं आणि विकून टाकलं. मग रूपेशने मला घरी आणलं, ते बायकोसाठी, संघरत्नासाठी. तो स्वतः सकाळीच नोकरीवर निघून जाई. संघरत्नाने मोकळ्या शेतात पडत-धडपडत मला चालवायला शिकून घेतलं आणि मग मागे वळून पाहिलं नाही. खाऊची पातेली, तापाने फणफणलेली पोरं, गरोदर बाया, सगळी माझ्यावरून दवाखान्यापर्यंत गेली. "आमची बाई गाडी चालवते!" असं पोरं तोऱ्यात सांगायची तेव्हा माझ्याही अंगावर मूठभर मांस चढायचं.

पावसाळ्यात आमच्याकडचे आडरस्ते म्हणजे नुसता राडा. त्यावर संघरत्नाने तोड काढली होती. दोन्ही पाय खाली सोडायचे, चपला जमिनीला घासत न्यायच्या. चाक सरकलं की पाय टेकला! गावातल्या बऱ्याच बाया तशाच चालवतात. लेक भूमिका अठराची झाली, तिचं शिकाऊ लायसन्स निघालं, तेव्हा तिलाही आईने तेच शिकवलं. कापणी झालेल्या खाचरात राखेने आठचा आकडा काढला आणि मागे बसून ओरडू लागली, "पाय खाली ठेव गो! पडशील!"

भूमिकाला मुरबाडच्या रस्त्यावरच्या कॉलेजात नर्सिंगला प्रवेश मिळाला होता. एसटीचा भरवसा नाही. पक्कं लायसन्स मिळालं तर मी तिची, नाहीतर तिने घर सोडून आत्याकडे राहायचं, असं रूपेशने ठरवून टाकलं होतं. भूमिकाला घर सोडायचं नव्हतं.

लायसन्सच्या परीक्षेच्या दिवशी शहापूरला मैदानात चुन्याने आठ आखला होता. पोरापोरींची रांग लागली होती. भूमिकाने पहिलं वळण झोकात घेतलं. मी जरा कलले मात्र, तिचा पाय सवयीने खाली गेला. चप्पल घासल्याचा आवाज मीसुद्धा ऐकला.

"पाय टेकला," परीक्षा घेणारे साहेब म्हणाले. "आज नाही. पुन्हा या."

रांगेतून शेजारचा मुकेश ओरडला, "भूमे, आवणीला चिखलात उतरलीस काय गो?" पोरं खिदळली. भूमिकाने ओढणीने तोंड पुसलं.

संघरत्नाला ते बघवलं नाही. ती तरातरा पुढे आली. "साहेब, आमच्याकडं असंच चालवतात. मीच शिकवलंय तिला. रोज मला मागं बसवून फिरवते, एकदापण पाडलं नाय!"

साहेबांनी मान वर केली. "शिकाऊच्या मागे तुम्ही बसता? मग तुमच्याकडे पक्कं लायसन्स असेलच. दाखवा."

संघरत्नाने पर्स उघडली. मित्रांनो, त्या पर्समध्ये काय असतं ते मला पाठ आहे. अंगणवाडीची किल्ली, रुमाल, लिमलेटच्या गोळ्या. तरी ती शोधत राहिली. एक कप्पा झाला, दुसरा झाला, पुन्हा पहिला उघडला. रांगेतली पोरं माना उंचावून बघू लागली. मुकेशसुद्धा.

"आई, पुरे," भूमिका हळूच म्हणाली. "नको शोधूस."

लेकीच्या तोंडचे ते शब्द ऐकून संघरत्ना कानापर्यंत लाल झाली. साहेब ओरडले नाहीत. नुसतं म्हणाले, "बाई, आता ही गाडी चालवत नेऊ नका." ते ओरडले असते तर तिला बरं वाटलं असतं, असं मला वाटतं.

दोघी मला ढकलत निघाल्या. गावाच्या तोंडाशी अंगणवाडीतला जैतू भेटला, नाक पुसत.

"बाई, गाडी बंद पडली?"

हो म्हटलं असतं तर तिथेच मिटलं असतं. संघरत्ना थांबली. तिच्या हाताचा घाम माझ्या मुठीला लागला.

"नाय रे राजा. गाडी चांगली हाय. बाईंकडं लायसन्स नाय."

"मग काढा ना," जैतू म्हणाला आणि निघून गेला.

त्यानंतर कितीतरी दिवस मी पडवीत पडून होते. अंगावर गोणपाट, सीटवर कोंबड्या. संघरत्ना पायी अंगणवाडीत जाई आणि मुकेशच्या घरावरून जाताना पदर सारखा करत मान खाली घाली. मला मात्र रविवार तेवढा मिळे. तेव्हा पक्कं लायसन्स असलेला रूपेश भूमिकाच्या मागे बसे आणि तिने पाय वर ठेवायला शिकायचं. सवय मोडायला फार रडली पोर. पण पुढच्या खेपेला चुन्याच्या आठावरून ती अलगद बाहेर पडली. आत्याकडे जाणं टळलं.

आता संघरत्नाच्या नावचं शिकाऊ लायसन्स निघालं आहे. माझ्या तोंडावर शिकाऊची, लाल 'एल' अक्षराची पाटी आहे. पुढे आई, मागे पक्क्या लायसन्सवाली लेक. अंगणवाडीसमोरून जाताना पोरं टाळ्या वाजवतात, तेव्हा संघरत्ना अजूनही त्यांच्याकडे बघत नाही.

मित्रांनो, माझी चाकं पुसा, ब्रेक तपासा, तेल बघा. एवढं मी मागणारच. पण त्याआधी एक करा. तुम्हाला कोणी गाडीवर बसवायला आलं, मग ती आई असो, मामा असो की बाई असोत, चढण्याआधी विचारा, "लायसन्स हाय का?" समोरचा पर्स चाचपू लागेल, खिसा चाचपू लागेल, तुमच्यावर खेकसेलही. तुम्ही खालीच उभे राहा. त्याला थोडी लाज वाटली तर वाटू द्या.