शूटिंगवाला नाचला तेव्हा

मी एक व्हिडिओ कॅमेरा, सध्या मुक्काम कपाटात. माझ्या मालकाला सगळे शूटिंगवालाच म्हणतात. त्याच्या खांद्यावर बसून मी उदंड लग्नं पाहिली. जेवताना शूटिंग केलेलं कुणालाच आवडत नाही आणि केलं नाही तर सगळे रुसतात, हे शहाणपण मला तिथलंच.

पण माझ्या जन्माचं सार्थक झालं ते मालकाच्याच घरात. त्याची आई आणि काकू, या दोघी जावा. जुना जोडीचा नाच येणाऱ्या आता या दोघीच उरल्या होत्या. हात गुंफून, गाणं म्हणत, बघणाऱ्यांच्या टाळ्यांच्या ठेक्यावर गिरक्या घ्यायच्या. पुढे कुणी शिकलंच नव्हतं.

"आमच्याबरोबर जायचा हा नाच," काकू एकदा सहज म्हणाली. मालकानं लगेच शूटिंगचा दिवस ठरवला.

त्या दिवशी सोफा भिंतीला लावला, मला स्टँडवर चढवलं आणि नेमका आईचा गुडघा आखडला. उठताच येईना.

"आता जोडी कुणाची?" मालकानं विचारलं.

"तुझी," आई खुर्चीतून म्हणाली. "लहानपणी आमच्या पायात लुडबुडायचास ना? ये आता."

मला चालू करून मालक समोर जाऊन उभा राहिला. इतक्या वर्षांत तो पहिल्यांदाच माझ्या पुढ्यात आला होता. माझ्यामागे कुणीच नाही; जरा धाकधूकच वाटली.

काकू भिंगरीसारखी फिरली. मालक आधी टीपॉयवर आदळला, मग काकूच्या पायावर.

"डावा पाय, अरे डावा," आईचा तोफखाना सुरू झाला. "जमिनीकडे काय बघतोस? काकूकडे बघ."

दुपार कलता कलता शेवटची गिरकी जमली. आई बसल्या जागी टाळ्या वाजवत होती आणि मध्येच पदरानं डोळे टिपत होती. तेही मी घेतलं.

नंतर मालक आपल्या चुका कापायला बसला, तर काकूनं अडवलं. "राहू दे की. मी चुकतच नाही, माझं बघून कुणाला काय कळणार? पाय कुठे अडतो ते तुझ्यामुळे दिसतं."

झालंही तसंच. ते शूटिंग बघून आधी शेजारच्या सुना शिकल्या, मग शाळेतल्या पोरी. पोरी तर नाचताना "डावा पाय, अरे डावा" हेही सुरात म्हणतात. त्यांना ते गाण्यातलंच वाटतं. ते ऐकून आईची हसता हसता पुरेवाट होते.

माझी बॅटरी फुगलीय, भिंगाला बुरशी आलीय. तक्रार नाही. मागणं एवढंच, तुमच्या घरात कुणी जुनं काही नाचत-गात असेल, तर माझ्या एखाद्या भावंडाला समोर ठेवा. आणि पाय चुकला म्हणून त्याला बंद करू नका.