काउंटरखालची कॅसेट

मित्रांनो, मी एक जुनी व्हिडिओ कॅसेट आहे. सिनेमे भाड्याने नेण्याचा जमाना ऐन भरात असताना, बसस्थानकामागच्या गल्लीतील एका व्हिडिओ लायब्ररीत मालकाने माझ्यावर एक रहस्यपट उतरवून घेतला. चित्रपट लांब होता आणि माझी फीत तोकडी. नायिकेवर सुरा चालला, ती कोसळली आणि फीत संपली. पुढे खुनी पकडला जातो, तो भाग माझ्या वाट्याला आलाच नाही.

एवढ्या तुटपुंज्या भांडवलावर अफवा उभी राहिली, की या मुलीला कॅमेऱ्यासमोर खरोखरच मारले. हे प्रथम कोण बोलले, असे विचारले की प्रत्येक जण दुसऱ्याकडे बोट दाखवी. पुरावा मागितला की उत्तर ठरलेले: "शेवट नाही, हाच पुरावा!" खोटे ठरवता येत नाही म्हणून खरे, असा तो तर्क. वस्तुतः त्यांना ते खरेच हवे होते. खोट्या मरणाच्या कॅसेटी फळीवर धूळ खात. मला मात्र कागदात गुंडाळून काउंटरखालून देत.

"बघवलं नाही हो," एक गिऱ्हाईक म्हणाले.

"मग पुन्हा कशाला नेताय?"

"मेव्हण्याला दाखवायचीय."

मालक हसला. त्याने कधी कोणाला खरे सांगितले नाही. मलाही काही वाटत नसे. फीत फिरे, सुरा चाले, फीत थांबे.

एका दुपारी शिवणकाम करणाऱ्या एक बाई आल्या. त्यांची थोरली मुलगी घर सोडून गेली होती; तिचा ठावठिकाणा नव्हता. कॅसेटमधली मुलगी हुबेहूब तिच्यासारखी दिसते, असे शेजारणीने त्यांच्या कानावर घातले होते.

मालक चपापला. "काकू, नका बघू. नुसता सिनेमा आहे तो."

"मग इतके दिवस लोकांना काय सांगत होतास? लाव."

दुकानातल्या टीव्हीवर मी लागले. मुलगी कोसळली. गिऱ्हाइके पडद्याकडे नव्हे, बाईंकडे पाहत होती.

"मागे घे. पुन्हा लाव."

मी मागे फिरले. मित्रांनो, कोणाच्या मरणाची वार्ता पुढे ढकलण्यापूर्वी, ती कोणत्या उंबऱ्यावर जाऊन पडेल याचा विचार करा. माझी एवढीच विनंती आहे.

बाईंनी पडद्याला नाक लागेल इतक्या जवळून ते पुन्हा पाहिले. मग पदराने चेहरा पुसला.

"ही माझी नाही. आणि मेलेलीही नाही. पडल्यावर गळ्याशी श्वास हलतोय तिचा. इतक्या जणांनी कॅसेट पाहिली, पण पोरीकडे एकानंही पाहिलं नाही."