निळं पडलेलं लाकूड

"साहेब, मला पोलीस संरक्षण पाहिजे." कुरुविलानं टेबलावर अर्ज ठेवला.

"कोणापासून?"

त्यानं हनुवटीनं बाकाकडे खूण केली. बाकावर थ्रेस्या बसली होती. वय अडुसष्ट, मांडीवर छत्री, पाय जमिनीला टेकत नव्हते.

सब-इन्स्पेक्टर सुगतननं दोघांकडे आळीपाळीनं पाहिलं. "या म्हाताऱ्या अम्मच्चीपासून? मग बंदूकच देऊ का?"

हवालदार हसले. थ्रेस्या हसली नाही.

"मळ्याच्या फाटकाला साखळी घातलीय तिनं. काल तोडलेली दीडशे झाडं आत पडलीत. रबराचं लाकूड आहे साहेब, सागवान नव्हे. आठवड्यात कारखान्यात गेलं नाही तर बुरशी धरतं, निळं पडतं. करार आहे माझ्याकडे. दोन वर्षं चीक काढायचा, मग झाडं तोडून न्यायची."

"खाली काय लिहिलंय तेही वाच की," थ्रेस्या म्हणाली. "का तेवढ्यापुरता चष्मा घरी राहिला?"

सुगतननंच वाचलं. 'विहिरीजवळचं एक झाड सोडून.'

"मजुरांची चूक झाली, तेही तोडलं. एक झाड, साहेब! तेही गाठीगाठींचं, कुचकामी."

त्या गाठी थ्रेस्याच्याच होत्या. मीनच्चिल नदीपलीकडून लग्न होऊन आली, तेव्हा औसेपनं चिकाची सुरी तिच्या हाती दिली ती त्या झाडापाशी. साल कापायची, लाकडाला लागू द्यायचं नाही. लागलं तर झाड तिथं गाठ धरतं, आणि ती जन्मभर मिटत नाही. तिनं पहिल्याच सकाळी सात ठिकाणी लाकडाला सुरी लावली. औसेप ओरडला नाही. "असू दे," म्हणाला, "माझी बायको कुठं शिकली ते झाड सांगेल." औसेप गेल्यावर सांगणारं तेवढंच उरलं होतं.

सुगतननं अर्ज परत सरकवला. "मारहाण नाही, धमकी नाही. हा तुम्हा दोघांतला करार. दिवाणी कोर्टात जा. ओंडके वाहून द्यायला पोलीस नसतात."

"मी हायकोर्टात जाईन!"

"जा बाबा," थ्रेस्या छत्री उघडत म्हणाली. "पण सावकाश जा हो. एर्नाकुळमला ऊन फार."

फाटकाच्या आत खुर्ची टाकून ती बसली. पहिल्या दिवशी लाकूड दुधासारखं. तिसऱ्या दिवशी कापल्या तोंडावर धुराची रेघ. पाचव्या दिवशी निळं, मार खाल्लेल्या अंगासारखं. रोज सकाळी ती ओंडक्यांवरून हात फिरवायची, आजारी माणसाचा ताप पाहावा तसा. फक्त हिला ताप उतरायला नव्हे, चढायला हवा होता. आठव्या दिवशी भुंगेरे लागले, भोकांतून पिठासारखा भुसा गळू लागला. त्या दुपारी तिनं मासळीचं लालभडक कालवण केलं आणि दोनदा भात वाढून घेतला.

दहाव्या दिवशी कुरुविला आला. फाटकाबाहेरच उभा राहिला. हायकोर्टानंही तेच सांगितलं होतं: खासगी करारासाठी पोलीस मिळणार नाहीत.

"चेडत्ती," थोरल्या बहिणीला मारावी तशी त्यानं हाक मारली, आवाज बसला होता, "कारखान्यानं माल नाकारला. आता नुसतं जळण. तुम्हाला काय मिळालं यात?"

"तुझं हे तोंड बघायला मिळालं."

तिनं साखळी काढली. "ने आता. काडी ठेवू नकोस."

मजूर ओंडके ओढू लागले. ढीग उतरत गेला, आणि सगळ्यात खाली विहिरीजवळचं झाड निघालं. साती गाठी निळ्या.

कुरुविला थबकला. "हे तरी पहिल्या दिवशी ओढून घ्यायचं होतंत, चेडत्ती. दोन माणसांचं काम. एक पाट तरी निघाला असता."

थ्रेस्यानं गाठीवर बोट ठेवलं. बोट आत गेलं.

दहा दिवस ती इथंच बसली होती. माणसं बोलवावीत हे तिच्या एकदाही मनात आलं नव्हतं.

"तेही ने," ती म्हणाली.

ट्रक उतारावरून गेला. विहिरीपाशी, तोडलेल्या झाडाच्या उरलेल्या बुंध्याजवळच्या गवतात करवंटी पडली होती, चीक धरायची, तारेसकट. थ्रेस्यानं ती पदरानं पुसली आणि बुंध्यावर पालथी घातली, दिवसाचा चीक ओतून घेतल्यावर रोज घालायची तशी.