चंद्रभानची कॅसेट

बोईसरात व्हिडिओ शूटिंग म्हटलं की लोक रामनाथचं नाव घेत. हळदी, वराती, बारशी, त्यानं काही सोडलं नव्हतं. पण हे सगळं पोटासाठी. जीव अडकला होता जाझमध्ये. हॉटेलांतून जाझ वाजवणारे म्हातारे एकेक करून गळत चालले होते, आणि हा वेडा कॅमेरा खांद्यावर टाकून त्यांच्यामागे हिंडत होता. शूटिंग करताना त्याचं सगळं लक्ष उजेडावर आणि फोकसवर. ऐकायचं काय, कॅसेट आहेच, नंतर ऐकू निवांत, असं तो म्हणे. निवांतपणा मात्र त्याच्या वाट्याला कधी आला नाही.

शिरगावचा चंद्रभान उमेदीत मुंबईच्या हॉटेलात सॅक्सोफोन वाजवायचा. म्हातारपणी गावी परतला. नव्वद सालच्या मार्चात त्यानं तीन जुने सोबती गोळा केले आणि बोईसरच्या एका हॉलात दुपारभर वाजवलं. रामनाथनं सगळं टिपलं. चंद्रभानची बायको नर्मदा तेव्हा घरी चौघांसाठी मासळी रांधत होती. हॉटेलात तिला नवऱ्यानं कधी नेलं नाही आणि घरात तो वाजवत नसे. "कॅसेटीत ऐकीन," ती म्हणाली होती. महिन्याभरात चंद्रभान गेला.

मग लग्नसराई आली. रामनाथ पार पिचून गेला. लग्नाच्या कॅसेटी पालघरला बन्सीकडे मिक्सिंगला पाठवताना त्याच पिशवीत चुकून चंद्रभानची कॅसेटही गेली. कॅसेटीतला गोंगाट पुसून त्यावर सिनेमाची गाणी चढवायची, हा बन्सीचा रोजचा धंदा. त्यानं हिलाही सोडलं नाही.

"नुसती पीपी चालली होती रे," बन्सी खुशीत म्हणाला. "आता बघ, कशी झकास गाणी टाकलीत."

दुसरी कॉपी नव्हती. रामनाथ त्याच्यावर ओरडलाही नाही, तेवढं त्राणच उरलं नव्हतं.

शिरगावला जाताना त्यानं वाटभर वाक्यं जुळवली आणि दारात सगळी विसरला.

"काकी, घोटाळा झालाय. काकांचा आवाज पुसला गेला. चित्र तेवढं राहिलंय."

नर्मदाकाकीनं टीव्हीवरचं फडकं काढलं. मग म्हणाली, "लाव."

टीव्हीवर चंद्रभान गाल फुगवून सॅक्सोफोन वाजवत होता आणि ऐकू येत होती सिनेमातली कुणी बाई.

"तिला गप कर आदी."

रामनाथनं आवाज बंद केला. चंद्रभान डोळे मिटून झुलत होता. मधेच सोबत्याकडे बघून तो खळखळून हसला.

"आमच्या घरात असा कदी हसला नाय," काकी म्हणाली. तिचे डोळे भरून आले होते. पदरानं ते पुसून ती रामनाथकडे वळली. "तू तर व्हतास ना तिथं, पोरा? मग सांग ना. कसा वाजवत व्हता?"

रामनाथनं तोंड उघडलं. खिडकीतून आलेली उन्हाची तिरीप त्याला आठवली. पितळेवरची चकाकी कशी सांभाळली, तेही आठवलं. सूर एकही आठवेना. त्याला स्वतःची लाज वाटली.

"काकी, मी बघत होतो," तो म्हणाला. "ऐकलं नाही."