बाप्यांचं ताट, बायकांचं ताट

सुभद्राबाईंचा जीव टांगणीला लागला होता, आणि तो कशापायी म्हणाल, तर एका ताटापायी!

काळेवाडीतल्या मंडळाचा कार्यक्रम होता. स्टेजवर टेबल, टेबलावर दोन ताटं. एकात शाल, नारळ, फेटा, ते बाप्यांचं. दुसऱ्यात साडी, खण, हळदीकुंकू, ते बायकांचं. मंडळाची रीत जुनी: बाप्यांचा सत्कार बाप्यांनी करायचा, बायकांचा बायकांनी. आणि आज सत्कार होता विजयश्रीचा, सुभद्राबाईंच्या लेकीचा.

ही लेक जन्मली तेव्हा मुलगा झाला म्हणून गल्लीभर पेढे वाटले होते. वाटणारे होते आबाजी, सुभद्राबाईंचे थोरले दीर, चाकणच्या मार्केटातले कांद्याचे आडते. पुढं तीच पोर साडी नेसून दारात उभी राहिली, तेव्हा आबाजी गरजले, "आमच्या घरात पोरगी जन्मलीच न्हाई!" ज्योतीराम, तिचा बाप, मान खाली घालून बसला आणि तसाच एक दिवस वारला. लेक रिक्षाच्या अंतरावर वाकडला, पण आईनं तिला भेटायचं ते मॉलमध्ये, चोरून. काय ही तऱ्हा!

पोर मात्र मोडली नाही. ऑर्केस्ट्रात नाचली, सिनेमात गर्दीत उभी राहिली, मग दोन ओळी मिळाल्या, मग अख्खा सिनेमा तिच्या खांद्यावर आला. तिच्यासारख्या पोरींना चाकणच्या एका कंपनीत काम द्या म्हणून गेटवर भांडली, आणि घ्यायला लावलंच. आता मंडळाला तिचा अभिमान वाटू लागला. आधी कुठं गेला होता कोण जाणे!

येताना गाडीत ती म्हणाली होती, "आई, बाप्यांचं ताट पुढं आलं तर हसून घेईन, तमाशा करणार नाही. पण काळेवाडीत परत पाऊल टाकणार नाही."

आणि मंडळाचे अध्यक्ष कोण? आबाजीच!

माईकवर मंडळाचा निवेदक गुरुदत्त होता. एरवी तोंडाचा पट्टा चालू, पण आज त्याची जीभ अडखळली. एकदा या ताटाकडं बघितलं, एकदा त्या. मग घाम पुसत म्हणाला, "विजयश्री यांचा सत्कार... आपले अध्यक्ष आबाजी यांच्या शुभहस्ते!" आणि शालीचं ताट उचललं.

विजयश्री हसली. ते हसू सुभद्राबाईंनी ओळखलं. पोर दारातून गेली तेव्हाही अशीच हसली होती. संपलं सगळं, गेली माझी लेक!

आबाजी काठी टेकत उठले. ताटाकडं बघितलं, गुरुदत्तकडं बघितलं.

"अरे येड्या, बाईमाणसाचा सत्कार मी करू व्हय? आजवर कधी केलाय का या मंडळात? रीतभात हाय का न्हाई? ठेव ते ताट खाली!" मग बायकांच्या रांगेकडं वळून ओरडले, "सुमनताई, बसलाय काय? या वर, कुंकू लावा पोरीला!"

गुरुदत्तचा चेहरा बघण्यासारखा झाला. सुमनताई लगबगीनं वर गेल्या. कुंकू लागलं, हातावर साडी आली, बायकांनी टाळ्यांचा कडकडाट केला. विजयश्रीचे डोळे भरले, आणि सुभद्राबाई खुर्चीत मागं रेलल्या. सुटले गं बाई, सुटले!

कार्यक्रम उरकला. आबाजी मायलेकींसमोर येऊन उभे राहिले. इकडं बघ, तिकडं बघ.

"पिक्चर बघितला तुजा," शेवटी म्हणाले. "चाकणला. कांदा इकून झाल्यावर एकटाच गेलो." मग त्यांनी पिशवीतून मिठाईचा खोका काढून विजयश्रीच्या हातात कोंबला. "गल्लीत वाटायचाय. चल संगं."

सुभद्राबाईंनी झाकण उचललं. पेढे नव्हते. बर्फी होती.

"मुलगी झाली की बर्फी वाटत्यात न्हवं?" आबाजी नाक ओढत म्हणाले. "ऱ्हाऊन गेली व्हती."